राजधान्या पाठ करण्याआधी: जगाच्या सामान्यज्ञानाची सुरुवात कुठून करावी

देशोदेशींच्या इतिहास-भूगोलाच्या क्विझची गोडी लागली की नवा माणूस हमखास एक गोष्ट करतो. जगातल्या सगळ्या देशांची यादी घेतो, शेजारी राजधान्या आणि चलनं लिहितो आणि पहिल्यापासून पाठ करत सुटतो. अफगाणिस्तान–काबूल, अल्जीरिया–अल्जीयर्स, अल्बानिया–तिराना. पहिला आठवडा झोकात जातो. महिन्याभरानं विचारलं, तर आधीपासून माहीत होत्या तेवढ्याच राजधान्या आठवतात. मी हा उद्योग दोनदा केला आहे, म्हणून खात्रीनं सांगतो.

नुसतं उत्तर डोक्यात राहत नाही. ते उत्तर तसं का आहे हे कळलं, तर सहसा विसरता येत नाही. म्हणून यादी बाजूला ठेवा आणि नकाशावर जे खटकतं तिथून सुरुवात करा. साहित्य फार लागत नाही: एक बऱ्यापैकी नवा नकाशासंग्रह, ज्यात राजकीय आणि प्राकृतिक दोन्ही नकाशे आहेत, जगाच्या कोऱ्या आराखड्याच्या पाच-सहा प्रती, आणि एक वही. पृथ्वीगोल असेल तर उत्तमच.

पायरी १: नकाशाच्या थापा ओळखा

भिंतीवरचा जगाचा नकाशा बघा. ग्रीनलंड जवळजवळ आफ्रिकेएवढं दिसतंय? मग तो मर्केटरच्या पद्धतीचा आहे. १५६९ मध्ये मर्केटर या नकाशाकारानं हा नकाशा दर्यावर्दी लोकांसाठी केला. होकायंत्राची दिशा धरून सरळ रेघ मारता यावी, ही त्याची गरज होती. त्यासाठी ध्रुवांकडचा भाग ताणावा लागला. प्रत्यक्षात आफ्रिका ग्रीनलंडच्या सुमारे १४ पट आहे. पृथ्वीगोल फिरवून बघितला की हे एका मिनिटात पटतं.

डोक्यातला नकाशाही असाच वाकडा असतो. रोम आणि न्यूयॉर्क यांपैकी उत्तरेला कोणतं? बहुतेक जण न्यूयॉर्क म्हणतात, कारण तिथला हिवाळा कडक. पण रोम सुमारे ४२ अंश उत्तरेवर आहे आणि न्यूयॉर्क ४१ च्याही थोडं खाली. पनामा कालव्याची अटलांटिककडची बाजू पूर्वेला असणार, असं आपण धरून चालतो. तिथली भूपट्टी इंग्रजी एस अक्षरासारखी वळलेली असल्यामुळे पॅसिफिककडचं तोंडच जास्त पूर्वेला आहे. असे पाच-सात धक्के स्वतः नकाशावर शोधून वहीत लिहा. यापुढे 'वाटतं' आणि 'आहे' यांत फरक करायची सवय लागेल, आणि क्विझमध्ये अर्धी लढाई तीच असते.

पायरी २: वेड्यावाकड्या सीमा शोधा

माझ्या मते सगळ्यात जास्त वेळ इथे द्यावा. राजकीय नकाशा घ्या आणि बोट फिरवत अशी सीमा शोधा, जी बघून 'हे असं का?' असा प्रश्न पडेल. एखाद्या देशाला फुटलेलं शेपूट, मुख्य भूमीपासून तुटलेला तुकडा, पट्टीनं आखल्यासारखी रेघ. प्रत्येकामागे कोणीतरी, कधीतरी, काहीतरी हवं म्हणून केलेला व्यवहार असतो.

नामिबियाचं उदाहरण घ्या. देशाच्या ईशान्य कोपऱ्यातून पूर्वेकडे एक अरुंद पट्टी निघते, सुमारे ४५० किलोमीटर लांब. तिचं नाव कॅप्रिव्ही पट्टी. १८९० मध्ये हा भाग जर्मनीची वसाहत होता, आणि जर्मनांना झांबेझी नदीपर्यंत पोचायचं होतं, म्हणजे नदीनं थेट हिंदी महासागर गाठता येईल. ब्रिटनशी करार झाला. जर्मनीला ही पट्टी आणि उत्तर समुद्रातलं हेलिगोलंड बेट मिळालं. बदल्यात झांझिबारवरचा ब्रिटनचा अधिकार जर्मनीनं मान्य केला. जर्मन चॅन्सलर कॅप्रिव्ही यांचं नाव पट्टीला पडलं. सगळं ठीक, फक्त एक गोष्ट राहून गेली: पट्टीच्या टोकापासून थोडं पुढे गेलं की झांबेझीवर शंभर मीटरपेक्षा उंच व्हिक्टोरिया धबधबा आहे. तिथून बोटी जाणार कशा? एका शेपटाचा छडा लावताना नामिबिया, झांझिबार, हेलिगोलंड, एक चॅन्सलर आणि एक धबधबा असं पंचक हाती लागलं. पाठांतर करून हे पाचही वेगवेगळे लक्षात ठेवायला किती दिवस लागले असते?

अफगाणिस्तानचं पूर्वेकडचं बोट, वाखान, हेही असंच. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी रशियाचं साम्राज्य दक्षिणेकडे सरकत होतं आणि ब्रिटिशांचं उत्तरेकडे. दोघांच्या सीमा एकमेकांना भिडू नयेत म्हणून मधे अफगाणिस्तानची चिंचोळी पट्टी ठेवली गेली. त्यामुळे अफगाणिस्तान चीनला जाऊन टेकलं. आता यावरचा उपप्रश्न: ती सीमा ओलांडली की घड्याळ किती पुढे करावं लागेल? साडेतीन तास. कारण एवढा प्रचंड चीन एकाच प्रमाणवेळेवर चालतो.

बोलिव्हियाकडे बघा. चहूबाजूंनी जमीन, समुद्र नाही, आणि तरी या देशाकडे नौदल आहे. पूर्वी पॅसिफिकचा किनारा बोलिव्हियाकडे होता. अटाकामाच्या वाळवंटात नायट्रेटचे साठे होते. खत आणि स्फोटकं या दोन्हींसाठी त्याला मोठी मागणी. तिथे काम करणाऱ्या चिलीच्या कंपनीवर बोलिव्हियानं कर लावला आणि त्यावरून १८७९ मध्ये युद्ध पेटलं. पेरू बोलिव्हियाच्या बाजूनं उतरला. चिली जिंकला आणि बोलिव्हियाचा किनारा गेला. आज ते नौदल टिटिकाका सरोवरात आणि नद्यांवर असतं. सरोवराची उंची ३,८०० मीटरच्या वर आहे. दर वर्षी २३ मार्चला बोलिव्हिया गेलेल्या समुद्राची आठवण म्हणून सागर दिन पाळतो. चिलीनं वाटाघाटींना बसलंच पाहिजे, ही त्याची मागणी आंतरराष्ट्रीय न्यायालयानं २०१८ मध्ये फेटाळली.

आठवड्याला अशी एक सीमा पुरे. लेसोथो पूर्णपणे दक्षिण आफ्रिकेच्या पोटात का? रशियाचा कालिनिनग्राड हा तुकडा पोलंड आणि लिथुआनिया यांच्या मधे कसा आला? ही दोन घरचा अभ्यास म्हणून घ्या. आणि एक चकवा: फ्रान्सची सगळ्यात लांब जमिनीवरची सीमा कोणाशी? स्पेन नाही, जर्मनी नाही. ब्राझीलशी, सुमारे ७३० किलोमीटर. दक्षिण अमेरिकेतलं फ्रेंच गयाना ही आज वसाहत नाही, फ्रान्सचाच भाग आहे. तिथे युरो चालतो.

पायरी ३: आता राजधान्या, पण हललेल्या आधी

सगळ्या राजधान्या एका दमात नकोत. सगळ्यात मोठं शहर राजधानी नाही असे देश आधी वेगळे काढा. प्रश्न बनवणाऱ्यांना हेच आवडतात, आणि गोष्टही इथेच असते.

ऑस्ट्रेलिया १९०१ मध्ये एक झाला तेव्हा सिडनी आणि मेलबर्न दोघांनाही राजधानी व्हायचं होतं. तोड अशी निघाली की नवी राजधानी न्यू साउथ वेल्समध्ये, म्हणजे सिडनीच्या राज्यात असेल, पण सिडनीपासून निदान १०० मैल लांब. आणि ती उभी राहीपर्यंत संसद मेलबर्नला भरेल. ही अट थेट राज्यघटनेत लिहिली आहे. कॅनबेरा त्यातून जन्मलं, आणि संसद तिथे हलायला १९२७ साल उजाडलं. ब्राझीलनं किनारा सोडून आतल्या भागात ब्राझिलिया वसवलं, १९६० मध्ये. नायजेरियानं १९९१ मध्ये लागोसहून अबुजाला मुक्काम हलवला.

काही देशांत कामं वाटून दिलेली आहेत. दक्षिण आफ्रिकेत प्रिटोरिया, केप टाउन आणि ब्लूमफाँटेन अशा तीन. बोलिव्हियाची घटनेतली राजधानी सुक्रे, पण सरकार ला पाझमध्ये. नेदरलँड्सची राजधानी ॲम्स्टरडॅम, कारभार मात्र हेगमधून. नाउरूला अधिकृत राजधानीच नाही.

इथे एक सावधगिरी. एकदा मित्रांच्या घरगुती क्विझमध्ये मी कझाकस्तानची राजधानी विचारली. अल्माटी, अस्ताना आणि नूर-सुलतान अशी तीन उत्तरं आली आणि तिघांनीही आपापली पुस्तकं पुढे केली. तिन्ही पुस्तकं आपापल्या वर्षी बरोबर होती. १९९७ मध्ये राजधानी अल्माटीहून अकमोलाला गेली. १९९८ मध्ये अकमोलाचं अस्ताना झालं. २०१९ मध्ये नूर-सुलतान. २०२२ मध्ये पुन्हा अस्ताना. तेव्हापासून बदलू शकणाऱ्या प्रत्येक नोंदीशेजारी मी साल लिहितो. लोकसंख्येतला पहिला क्रमांक, सर्वांत नवा देश, देशाचं अधिकृत नाव, सगळं यात येतं.

पायरी ४: नावं, झेंडे, तिकिटं

हे हलकंफुलकं प्रकरण आहे, रात्री झोपण्यापूर्वी चाळायचं. सयामचं थायलंड १९३९ मध्ये, सिलोनचं श्रीलंका १९७२ मध्ये, अपर व्होल्टाचं बुर्किना फासो १९८४ मध्ये, स्वाझीलंडचं एस्वातिनी २०१८ मध्ये. नाव बदललं म्हणजे राज्य बदललं, किंवा राज्यकर्त्यांना जुन्या धन्याची आठवण नको होती, असं समजून शोध घ्या. काही नावं तर निव्वळ खाण्यापिण्याची: पोर्तुगीज खलाशांना एका नदीत कोळंबीसारखे जीव भरपूर दिसले, त्यांनी तिला कोळंबीची नदी म्हटलं, आणि त्यावरून आला कॅमेरून.

देश स्वतःला काय म्हणतो हेही बघा. हंगेरी स्वतःला मॉद्यारोर्साग म्हणते, फिनलंड सुओमी, जॉर्जिया साकार्तवेलो. टपाल तिकिटांवर हीच नावं दिसतात, म्हणून जुनी तिकिटं जमवणारा माणूस क्विझमध्ये पुढे असतो. स्वित्झर्लंडच्या तिकिटावर 'हेल्वेशिया' असतं. चार भाषांच्या देशानं भांडण टाळायला लॅटिन नाव घेतलं. आणि ज्या तिकिटावर कोणत्याच देशाचं नाव नाही, फक्त राजा किंवा राणीचा चेहरा, ते ब्रिटनचं. चिकटवायचं टपाल तिकीट पहिल्यांदा तिथेच, १८४० मध्ये निघालं. तेव्हा दुसऱ्या कोणाचं नव्हतंच, मग नाव कशाला?

झेंड्यांत जुळी जोडपी शोधा. चाड आणि रोमानिया हे दोन्ही झेंडे निळा-पिवळा-लाल. रोमानियाच्या झेंड्यावर पूर्वी मधे साम्यवादी राजवटीचं चिन्ह होतं. १९८९ मध्ये राजवट कोसळली, चिन्ह गेलं आणि झेंडा चाडसारखा झाला. हैती आणि लिक्टेनस्टाइन यांना तर आपले झेंडे सारखे आहेत हे १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये कळलं. पुढच्या वर्षी लिक्टेनस्टाइननं आपल्या झेंड्यावर मुकुट घातला. चौकोनी नसलेला राष्ट्रध्वज नेपाळचा, हे बहुतेकांना माहीत असतं. दोन्ही बाजूंना वेगवेगळं चिन्ह असलेला पॅराग्वेचा, हे कमी जणांना.

पायरी ५: सालांच्या खुंट्या ठोका

इतिहासाची सगळी सनावळी नको. भिंतीवर आठ-दहा खुंट्या ठोकायच्या आणि बाकीचं त्यांना अडकवायचं. माझ्या खुंट्या अशा: १४५३, कॉन्स्टँटिनोपल ऑटोमन तुर्कांच्या हाती, १४९४, तोर्देसियासचा करार, १७८९, फ्रेंच राज्यक्रांती, १८०४, हैतीचं स्वातंत्र्य, १८६९, सुएझ कालवा, १८८४-८५, युरोपीय सत्तांनी आफ्रिकेच्या वाटणीचे नियम ठरवले ती बर्लिन परिषद, १९१४ आणि १९४५, पहिल्या महायुद्धाची सुरुवात आणि दुसऱ्याचा शेवट, १९६०, एकाच वर्षात आफ्रिकेतले १७ देश स्वतंत्र, १९९१, सोव्हिएत संघ फुटून १५ देश.

खुंटी वापरायची कशी? ब्राझीलमध्ये पोर्तुगीज आणि आजूबाजूला स्पॅनिश का बोलतात, असा प्रश्न आला. तोर्देसियासच्या करारात स्पेन आणि पोर्तुगाल यांनी अटलांटिकमध्ये एक उभी रेघ मारून नवी भूमी आपसात वाटून घेतली. दक्षिण अमेरिकेचा पूर्वेकडे फुगलेला भाग रेघेच्या पोर्तुगीज बाजूला पडला. तिथल्या लोकांना अर्थातच कोणी विचारलं नव्हतं. आफ्रिकेतल्या एखाद्या देशाचं स्वातंत्र्याचं साल आठवेना, तर १९६० म्हणून बघा. फ्रेंच अंमलाखालचा असेल तर शक्यता बरीच.

तारखांमध्ये एक खड्डा आहे, तो आधीच दाखवून ठेवतो. रशियातली 'ऑक्टोबर क्रांती' नोव्हेंबरमध्ये झाली. १९१७ मध्ये रशिया जुन्या ज्युलियन पंचांगावर होता; तिथली २५ ऑक्टोबर म्हणजे इतरांची ७ नोव्हेंबर. १९१८ मध्ये त्यांनी पंचांग बदललं तेव्हा ३१ जानेवारीनंतर थेट १४ फेब्रुवारी उजाडली. ब्रिटननं हेच १७५२ मध्ये केलं होतं: २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर. दोन पुस्तकांत तारीख जुळत नसेल तर चूक म्हणण्याआधी पंचांग तपासा.

पायरी ६: 'सगळ्यात मोठा'ला उलट प्रश्न विचारा

कशानं मोजून? सर्वांत उंच शिखर एव्हरेस्ट, समुद्रसपाटीपासून ८,८४८.८६ मीटर. पण पृथ्वीच्या केंद्रापासून सर्वांत दूरचं टोक इक्वेडोरमधलं चिंबोराझो, कारण पृथ्वी विषुववृत्तापाशी फुगलेली आहे. समुद्राच्या तळापासून मोजलं तर हवाईतलं मौना केआ. सर्वांत मोठं वाळवंट सहारा की अंटार्क्टिका? पावसावरून ठरवलं तर अंटार्क्टिका. 'उष्ण' हा शब्द घातला की सहारा. किती देश? संयुक्त राष्ट्रांचे सदस्य १९३, त्यात व्हॅटिकन आणि पॅलेस्टाइन हे निरीक्षक धरले तर १९५. प्रश्न ऐकताना विशेषणांकडे कान द्या.

पायरी ७: ऐकीव माल चाळून घ्या

चीनची भिंत चंद्रावरून दिसते, हे अजूनही लोक सांगतात. चंद्र सोडाच, चीनचे पहिले अंतराळवीर यांग लिवेई २००३ मध्ये पृथ्वीभोवती फिरून आले आणि आपल्याला भिंत दिसली नाही असं त्यांनी स्वतः सांगितलं. गांबिया हा देश नदीच्या दोन्ही काठांनी लांबट पसरला आहे. ब्रिटिश जहाजावरच्या तोफेचा गोळा जिथवर पोचला तिथवर सीमा, अशी गोष्ट त्याच्याबद्दल फिरते. प्रत्यक्षात ती सीमा १८८९ मध्ये ब्रिटन आणि फ्रान्स यांनी कागदावर ठरवली. माझा ठोकताळा असा: गोष्ट फारच गोंडस असेल, त्यात साल नसेल आणि माणसाचं नावही नसेल, तर दुसऱ्या स्वतंत्र ठिकाणी सापडेपर्यंत ती वहीत चढवायची नाही. अर्थात उलटही घडतं. १८९६ मधलं ब्रिटन–झांझिबार युद्ध साधारण ३८ मिनिटांत आटोपलं, हे थापेसारखं वाटतं, पण खरं आहे.

पायरी ८: वही आणि प्रश्न

वहीत माहिती लिहू नका, प्रश्न लिहा. डावीकडे प्रश्न, उजवीकडे उत्तर आणि त्याखाली एका ओळीत कारण. दुसऱ्या दिवशी, आठवड्यानं आणि महिन्यानं उजवी बाजू झाकून बघा. चुकलेल्याला खूण करा. खूण नसलेल्यांवर वेळ घालवू नका. आठवड्यातून एकदा कोऱ्या आराखड्यावर एक खंड आठवणीनं भरा. पश्चिम आफ्रिकेत सुरुवातीला सगळेच गळपटतात, त्याचं वाईट वाटून घेऊ नका.

प्रश्न बनवताना एकच उत्तर येईल याची खात्री करा, आणि उत्तर माहीत नसलेल्यालाही विचार करत पोचता येईल अशी वाट ठेवा. नमुना बघा: 'या देशानं १८९२ मध्ये ४ जुलै हा दिवस दोनदा साजरा केला आणि २०११ मध्ये ३० डिसेंबर हा दिवस वगळला. देश कोणता?'

उत्तर ठाऊक नाही असं समजून चाला. दिवस दोनदा येतो किंवा गायब होतो म्हणजे जिथे तारीख बदलते त्या आंतरराष्ट्रीय वाररेषेचा मामला; म्हणजे पॅसिफिकमधलं बेट. ४ जुलै हा अमेरिकेचा स्वातंत्र्यदिन, तेव्हा त्या वेळी कल अमेरिकेकडे होता. पुढे उलट उडी मारली, म्हणजे व्यापार ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडकडे वळला असणार: यांचा शुक्रवार तो तिकडचा शनिवार, आणि यांचा रविवार तो तिकडचा सोमवार, म्हणजे आठवड्याचे दोन कामाचे दिवस फुकट. अमेरिकेशीही संबंध आणि न्यूझीलंडशीही, असं कोण? सामोआ. शेजारचं अमेरिकन सामोआ मात्र रेषेच्या जुन्याच बाजूला राहिलं, त्यामुळे थोडक्या अंतरावरच्या या दोन शेजाऱ्यांत आता पूर्ण एका दिवसाचा फरक आहे.

वहीचं पहिलं पान रिकामं ठेवू नये, म्हणून एक प्रश्न देऊन ठेवतो. नॉर्वेहून जमिनीवरूनच उत्तर कोरियाला जायचं तर मधे कमीत कमी किती देश लागतील? अंदाज आधी पेन्सिलीनं लिहा, मग नकाशा उघडा.